अपक्षाचा अर्ज: एका झेरॉक्सवाल्याचा अनुभव

२०२४ च्या लोकसभेला आमचे सर अपक्ष उभे राहिले आणि मी त्यांचा निवडणूक प्रतिनिधी झालो. माझी पात्रता एवढीच की कचेरीसमोर माझं झेरॉक्सचं दुकान आहे आणि निम्म्या गावाचे अर्ज मीच भरून देतो. सर निवृत्त मुख्याध्यापक. पाण्यासाठी वर्षानुवर्षं निवेदनं देऊन वैतागलेले. "निवेदनाची पोच मिळते, उत्तर मिळत नाही. आता उमेदवारीचाच अर्ज भरू," म्हणाले. मला वाटलं, दोन-चार पानांचं काम असेल.

पुढे कुणाला उभं राहायचं असेल तर ऐका. वय २५ पूर्ण पाहिजे आणि मतदार यादीत नाव पाहिजे, मग ते दुसऱ्या मतदारसंघात असलं तरी चालतं, फक्त त्या यादीची प्रमाणित प्रत जोडायची. अनामत २५ हजार, अनुसूचित जाती-जमातीच्या उमेदवाराला साडेबारा हजार. हे सगळ्यांना माहीत असतं. घोडं अडतं ते सूचकांपाशी, म्हणजे उमेदवाराचं नाव सुचवून अर्जावर सही करणाऱ्या मतदारांपाशी. मान्यताप्राप्त पक्षाच्या उमेदवाराला एक सूचक पुरतो, अपक्षाला दहा लागतात, आणि दहाही जण त्याच मतदारसंघातले मतदार हवेत.

दहा माणसं काय, सरांचे विद्यार्थीच हजारभर, असं मीही म्हणालो होतो. पण सही करायची म्हटल्यावर एकाचा भाऊ सोसायटीत कामाला, दुसऱ्याची ग्रामपंचायतीत बिलं अडकलेली. "सर, मत तुम्हालाच, पण कागदावर नाव नको," हे वाक्य मी त्या आठवड्यात इतक्यांदा ऐकलं की पुढे पुढे समोरच्याने तोंड उघडायच्या आत ते मला कळायचं. शेजारच्या आत्या स्वतःहून तयार झाल्या. पण त्या अंगठा उठवणाऱ्या, आणि सूचकाचा अंगठा निवडणूक निर्णय अधिकाऱ्यासमोर किंवा नेमून दिलेल्या अधिकाऱ्यासमोरच उठवावा लागतो. घरून उठवून आणलेला चालत नाही. उन्हातान्हात त्यांना जिल्ह्याला न्यायचं जिवावर आलं, म्हणून शेवटी दुसरं नाव घेतलं.

सूचकाचा यादी भाग क्रमांक आणि अनुक्रमांक ताज्या यादीतूनच उतरवा. आमच्या एका सूचकाचा भाग क्रमांक जुन्या यादीतला होता. शेवटच्या रात्री दुकानात बसून तपासला म्हणून सापडला. एका उमेदवाराला चार अर्ज भरता येतात आणि अनामत एकदाच लागते. वेगवेगळे दहा-दहा सूचक घेऊन दोन अर्ज तरी भरा, म्हणजे एक छाननीत उडाला तर दुसरा हाताशी राहतो.

अर्जासोबतच्या शपथपत्रात (नमुना २६) एकही रकाना कोरा सोडू नका. कर्ज नाही? 'निरंक' लिहा. गुन्हा नाही? तेही लिहा. सरांच्या शपथपत्रावर मी इतक्या वेळा 'निरंक' लिहिलं की ते म्हणाले, "माझ्या आयुष्याचा गोषवारा काढलास की रे." निवडणूक खर्चासाठी वेगळं बँक खातं काढायचं, तेही अर्ज भरण्याच्या किमान एक दिवस आधी. आमचं मतदान ७ मे रोजी, तिसऱ्या टप्प्यात होतं. अर्जाची मुदत १२ ते १९ एप्रिल. दिसायला आठ दिवस, पण १४ ला रविवार आणि आंबेडकर जयंती, १७ ला रामनवमी, आणि सुट्टीच्या दिवशी अर्ज घेत नाहीत. वेळ फक्त ११ ते ३, आणि आत उमेदवार धरून पाचच माणसं. अर्ज दिल्यावर शपथ घ्यायची राहू देऊ नका. गर्दीत ती विसरणारे असतात.

चिन्हासाठी मुक्त चिन्हांच्या यादीतून तीन पसंतिक्रम द्यावे लागतात. दोन अपक्षांनी एकच मागितलं तर चिठ्ठी टाकतात. मतदाराला घरात रोज दिसणारी वस्तू निवडा, असं माझं मत. चिन्हाने काय होतं हे दिंडोरीत सगळ्यांनी पाहिलं. तिथे शरद पवारांच्या पक्षाचं चिन्ह तुतारी वाजवणारा माणूस, उमेदवार भगरे. दुसरे एक भगरे अपक्ष, त्यांचं चिन्ह नुसती तुतारी. त्या अपक्षाला लाखाच्या वर मतं पडली.

चिन्ह मिळालं २२ एप्रिलला, माघारीची मुदत संपल्यावर. प्रचार ५ मेच्या संध्याकाळी सहाला बंद. म्हणजे हातात तेरा दिवस आणि सहा विधानसभा मतदारसंघ. मिळेल त्या वाहनाने गावं गाठली. सभा आम्ही पारावरच घेतल्या. पत्रकं मीच छापली. त्यावर मुद्रक आणि प्रकाशकाचं नाव-पत्ता घालावाच लागतो.

खर्चाची मर्यादा ९५ लाख. आम्हाला तिची कधी भीती वाटली नाही. वही मात्र रोज लिहावी लागते. पांढरी पानं रोजच्या खर्चाची, गुलाबी रोखीची, पिवळी बँकेची. प्रचाराच्या काळात तीनदा तपासणी. एका सभेला मी ३० खुर्च्या लिहिल्या होत्या. प्रशासनाच्या चित्रीकरणात ५० निघाल्या, कारण शेजारच्या मंगल कार्यालयातल्या खुर्च्या लोकांनी आपणहून ओढून आणल्या होत्या. खुर्चीचा दर प्रशासनाच्या दरपत्रकातून लागतो, चहाचाही. वीस खुर्च्या वाढवून लिहिल्या. वाद घालण्यात अर्थ नव्हता, वही आमचीच कच्ची होती.

पैसा कमी पडतो, पण त्याहून जास्त कमी पडतात माणसं. मतदारसंघात बूथ दोन हजारांच्या आसपास, आणि आमचे पोलिंग एजंट साठसुद्धा भरले नाहीत. मतदान सातला सुरू होतं, पण मशीन तपासायचं अभिरूप मतदान साडेपाचला. एजंटाला पहाटे उठवण्यापासून तयारी. संध्याकाळी मतांच्या हिशेबाचा नमुना १७ सी घेतल्याशिवाय बूथ सोडायचा नाही, हे प्रत्येकाला दोनदा सांगा. आमच्यातले बरेच जण मशीन सील होताच जेवायला घरी गेले.

अपक्ष निवडूनच येत नाही असं नाही. त्याच वर्षी सांगलीत विशाल पाटील लिफाफा चिन्हावर लाखभर मतांनी जिंकले, २००९ मध्ये कोल्हापुरात सदाशिवराव मंडलिक. पण एक वसंतदादांचे नातू, दुसरे आधीच खासदार. त्यांना कार्यकर्ते शोधायला लागले नाहीत. त्यांचा दाखला देऊन कुणी तुम्हाला उभं करत असेल तर आधी त्याचीच सूचक म्हणून सही मागा.

आमची अनामत गेली. ती वाचवायला वैध मतांच्या सहाव्या हिश्श्याहून जास्त मतं लागतात, आम्ही पाच आकडेही गाठले नाहीत. ४ जूनच्या रात्री सर शांत झोपले, मी वही काढून बसलो. निकालापासून ३० दिवसांत अंतिम हिशेब द्यायचा असतो, आणि पडलेला उमेदवार नेमका इथेच ढिला पडतो. हिशेब दिला नाही तर आयोग तीन वर्षांसाठी अपात्र ठरवू शकतो. आम्ही जूनमध्येच देऊन टाकला. पोच मी लॅमिनेट करून दुकानात ठेवलीय. सर मधूनच येतात, ती बघतात आणि विचारतात, "पुढच्या अर्जात हे विचारतात ना रे?" विचारतात. हिशेब न दिल्यामुळे अपात्र ठरला होतात का, असा रकानाच आहे.