गच्चीवर जपानी भुतं लावायची असतील तर

आमच्या इंदूरला गच्चीवर हे दोनदा केलंय. पहिल्यांदा पार पोपट झाला, चादर बांधली, प्रोजेक्टर लावला, जपानी भुताचा जुना मूकपट सुरू केला आणि पाचव्या मिनिटाला सगळे मोबाईलवर, काका तर म्हणाले अरे यापेक्षा सराफ्यात, आपल्या खाऊगल्लीत, जाऊन भुट्ट्याचा कीस खाऊ.

चूक आमचीच. जपानात हे सिनेमे गप्प बसून कोणी बघायचंच नाही. पडद्याशेजारी बेन्शी असायचा, म्हणजे आपला कीर्तनकारच समजा, गोष्ट तोच सांगणार, सगळ्यांचे आवाज तोच काढणार, लोक कितीदा त्याच्यासाठीच तिकीट काढायचे. म्हणून आधी बेन्शी शोधा, सिनेमा नंतर. दुसऱ्यांदा आम्ही आत्याला बसवलं, ती श्रावणातल्या कहाण्या सांगते तेव्हा पोरं हलत नाहीत.

मग सिनेमा. 1898 मधले पहिले भुताचे सिनेमे आता मिळत नाहीत, त्यामुळे 1899 चा 'मोमिजिगारी' घ्या. काही मिनिटांचाच आहे, काबुकी म्हणजे जपानी पारंपरिक नाटक, त्यातला तुकडा. सुंदर बाई नाचते आणि ती निघते राक्षसीण, बाईचं काम नववा इचिकावा दांजुरो (काबुकी नटांचं हे नाव पिढ्यानपिढ्या चालतं, त्यातला हा नववा) करतो, म्हणजे पुरुषच (आपल्याकडे बालगंधर्व होतेच की). शूटिंग उघड्यावर झालं, वारा सुटलेला, नाचता नाचता त्याच्या हातातला पंखा उडून जातो आणि ते तसंच ठेवलंय! आत्याला आधी दोनदा दाखवून ठेवा, नाहीतर ती पण बघतच बसते.

एवढ्यात संध्याकाळ भरत नाही. पुढे लाईट बंद करून एक समई ठेवा आणि ओइवा नावाच्या बाईची गोष्ट सांगा, 1825 च्या 'योत्सुया काइदान' नाटकातली, मूकपटाच्या काळात तिच्यावर कितीतरी सिनेमे निघाले, बहुतेक हरवले. नवऱ्याच्या घरात विष पोटात गेलेली बाई आरशासमोर केस विंचरते आणि फणीबरोबर केसांचे पुंजकेच्या पुंजके निघतात. इथे घाई करू नका. आत्याने नुसती फणी हातात घेतली, दोन केस ओढले आणि गप्प बसली, शेजारच्या वहिनींनी तिथेच पोराला कुशीत घेतलं.

हो, मागे म्युझिक लावू नका, आत्याचा आवाज दबतो. आणि वारा असेल तर चादरीला खाली विटा बांधा, पंखा उडाला तो ठीक, पडदा उडाला तर पंचाईत.