बसलेल्या नाकाला तालीम कशी द्यावी

सर्दी गेली, पण वास परतला नाही. गॅसवर दूध करपत होतं आणि मी शेजारीच मेथी निवडत बसले होते. आई दारातून ओरडली तेव्हा कळलं. सकाळी तर्री-पोह्याच्या ठेल्यासमोरून जाताना पायही थबकेनात. वासाचा निरोप इतर संवेदनांसारखा आधी थॅलॅमस या मेंदूतल्या मधल्या थांब्यावर थांबत नाही, भावना आणि आठवणींच्या भागात जवळजवळ थेट जातो. पोहे खायचे की नाही, हे आपल्याआधी पाय ठरवतात ते त्यामुळे.

यावर जर्मनीतल्या ड्रेस्डेनचे संशोधक थॉमस हुमेल यांनी २००९ मध्ये तपासून पाहिलेली एक साधी रीत आहे: गुलाब, निलगिरी, लिंबू आणि लवंग हे चार वास हुंगायचे, दिवसातून दोनदा, १२ आठवडे. सगळ्यांनाच गुण येतो असं नाही. पण खर्च फारसा नाही.

आधी झाकणाच्या चार छोट्या बरण्या घ्या. लोणच्याच्या नकोत, तो वास धुऊन जात नाही. एकीत गुलाबाच्या अत्तराचा बोळा, दुसरीत निलगिरी तेलाचा, तिसरीत खलबत्त्यात ठेचलेल्या लवंगा. लिंबाऐवजी मी संत्र्याची साल घेतली; दोन्हींच्या सालीच्या तेलात मुख्यतः लिमोनीन हेच वासाचं द्रव्य असतं. ताजी साल उजेडात धरून बाहेरच्या बाजूनं दुमडा, बारीक फवारा उडताना दिसेल. (लहानपणी हाच फवारा आम्ही भावंडांच्या डोळ्यांत उडवायचो.) संत्र्याचे आंबिया आणि मृग, दोन्ही बहार संपले की सरळ लिंबू घ्या.

न्याहारीआधी आणि झोपताना, उदबत्ती लावण्यापूर्वी बसा. डोळे मिटून एकेक बरणी १५-२० सेकंद, सशासारखं हळूहळू हुंगा. मोठा श्वास ओढू नका. वास आला नाही तरी तो कसा होता ते आठवत राहा. माझ्या मते खरी मेहनत हीच. दोन बरण्यांमध्ये जरा थांबा, कारण नाक लवकर सरावतं. कूलरच्या वाळ्याच्या ताट्यांचा वास दहा मिनिटांत जाणवेनासा होतो, गॅलरीत जाऊन आलं की पुन्हा येतो, तसंच.

मिरचीचा ठसका किंवा बामची झोंब जाणवली म्हणून खूश होऊ नका. ती वेगळ्या नसेची करामत.

डोक्याला मार लागून किंवा सर्दीशिवायच वास गेला असेल, तर बरण्या बाजूला ठेवून आधी कान-नाक-घसा तज्ज्ञाकडे जा. बाकीच्यांनी कॅलेंडरवर रोज खूण करावी. मला लवंग पाचव्या आठवड्यात लागली, गुलाब मात्र बराच उशिरा.