‘फिनोकन्व्हर्जन’ : शब्द कसा समजून घ्यावा, कसा वापरावा

एखाद्या व्यक्तीच्या जनुकीय तपासणीच्या अहवालात सीवायपी२डी६ या औषधे हाताळणाऱ्या विकराबाबत (एन्झाइमबाबत) ‘नॉर्मल मेटाबोलायझर’, म्हणजे औषध सर्वसाधारण वेगाने हाताळणारी व्यक्ती, असे स्पष्ट लिहिलेले असते, आणि तरीही कोडीनच्या नेहमीच्या मात्रेने तिच्या वेदना जराही कमी होत नाहीत. अहवालात चूक नसते आणि औषधही अस्सल असते. फक्त ती व्यक्ती गेले काही महिने नैराश्यावर पॅरोक्सेटिन घेत असते. कोडीन स्वतः फारसे वेदनाशामक नाही. त्याचा जो छोटा वाटा यकृतात सीवायपी२डी६ च्या मदतीने मॉर्फिनमध्ये बदलतो, त्यावर त्याचा बराचसा गुण अवलंबून असतो, आणि पॅरोक्सेटिन नेमके तेच विकर निकामी करते. जनुकांवरून जी व्यक्ती ‘नॉर्मल’ ठरली, ती प्रत्यक्ष व्यवहारात ‘पुअर मेटाबोलायझर’, म्हणजे हे विकर जवळजवळ कामच करत नसलेली व्यक्ती, झालेली असते. जनुकीय रचनेवरून वर्तवलेली चयापचयाची क्षमता आणि त्या वेळी शरीरात खरोखर असलेली क्षमता यांच्यात जनुकबाह्य कारणाने पडणाऱ्या या तफावतीला औषधजनुकशास्त्रात (जनुके आणि औषधांचा परिणाम यांच्या संबंधाच्या अभ्यासात) ‘फिनोकन्व्हर्जन’ म्हणतात.

शब्दाची फोड केली तर अर्थ पक्का बसतो. ‘जीनोटाइप’ आणि ‘फिनोटाइप’ ही जोडी डॅनिश वनस्पतिशास्त्रज्ञ विल्हेल्म योहान्सेन यांनी १९०९ मध्ये रूढ केली. जीनोटाइप म्हणजे वारशाने मिळालेली जनुकांची मांडणी आणि फिनोटाइप म्हणजे त्या मांडणीतून व परिस्थितीतून मिळून प्रत्यक्षात दिसणारे लक्षण. औषधांच्या संदर्भात हे ‘लक्षण’ डोळ्यांच्या रंगासारखे वरवर दिसत नाही. एखादे विकर एखादे औषध किती वेगाने हाताळते, हेच येथे लक्षण असते. फिनोकन्व्हर्जनमध्ये बदलतो तो फिनोटाइप. जीनोटाइप जन्मापासून होता तसाच राहतो. म्हणून ‘औषधामुळे रुग्णाची जनुके बदलली’ असे वाक्य या शब्दाचे स्पष्टीकरण म्हणून लिहिले गेले, तर ते साफ चुकीचे आहे, आणि दुर्दैवाने सोप्या भाषेत लिहिण्याच्या प्रयत्नात नेमके असेच वाक्य वारंवार लिहिले जाते. ‘उत्परिवर्तन’ हा शब्द तर येथे जवळपासही फिरकू देऊ नये.

मराठीत हा शब्द नपुंसकलिंगी चालवावा (‘फिनोकन्व्हर्जन झाले’, ‘फिनोकन्व्हर्जन ओळखले गेले’) आणि शक्यतो भाषांतर न करता तसाच ठेवावा, असे माझे मत आहे. ‘रूपांतर’ हा पर्याय सुचतो खरा, पण विकरांच्या क्रियेने औषधाचा एक रेणू दुसऱ्या रेणूत बदलतो त्यालाही आपण रूपांतरच म्हणतो, आणि एकाच परिच्छेदात दोन्ही गोष्टी आल्या की वाचकाचा गोंधळ ठरलेला. पहिल्यांदा शब्द वापरताना एका वाक्यात व्याख्या द्यावी आणि पुढे तोच शब्द सातत्याने वापरावा.

हा शब्द अचूक वापरायचा तर त्याआधी अहवालातील भाषा वाचता यायला हवी. सीवायपी२डी६ चे जनुक बाविसाव्या गुणसूत्रावर असते आणि त्याच्या निरनिराळ्या आवृत्त्यांना तारांकित क्रमांक दिलेले असतात. *१ ही पूर्ण कार्यक्षम आवृत्ती मानली जाते, तर *४ मधून कामाचे विकर तयारच होत नाही. आईकडून एक आणि वडिलांकडून एक अशी जोडी *१/*४ अशी लिहिली जाते. प्रत्येक आवृत्तीला कार्यक्षमतेचे मूल्य देऊन त्यांची बेरीज केली की ‘क्रियाशीलता गुणांक’ मिळतो : *१ चे मूल्य १, *४ चे शून्य. बेरीज शून्य आली तर पुअर, शून्याहून अधिक पण १.२५ हून कमी आली तर इंटरमीजिएट, १.२५ ते २.२५ असेल तर नॉर्मल आणि त्यापुढे अल्ट्रारॅपिड मेटाबोलायझर, अशी सध्याची विभागणी आहे. जुन्या लेखनात ‘नॉर्मल’ऐवजी ‘एक्स्टेन्सिव्ह’ असा शब्द आढळतो. २०१७ मध्ये या संज्ञांचे प्रमाणीकरण झाले तेव्हा तो मागे पडला. आज लिहिताना ‘नॉर्मल’ हाच शब्द वापरावा.

आता फिनोकन्व्हर्जनचा हिशेब करता येतो. रुग्ण सीवायपी२डी६ ला जोरकसपणे रोखणारे औषध घेत असेल (पॅरोक्सेटिन, फ्लुऑक्सेटिन, ब्युप्रोपिऑन आणि क्विनिडिन ही ठळक नावे), तर गुणांकाला शून्याने गुणायचे. ड्युलोक्सेटिनसारखे मध्यम रोधक असेल तर अर्ध्याने. *१/*१ असलेल्या व्यक्तीचा गुणांक २. पॅरोक्सेटिनसोबत तो शून्य होतो आणि ती व्यक्ती पुअर ठरते, तर ड्युलोक्सेटिनसोबत तो १ होतो आणि ती इंटरमीजिएट ठरते. *१/*४ असलेल्या व्यक्तीचा गुणांक मुळातच १ असतो; ड्युलोक्सेटिनने तो ०.५ वर उतरला तरी ती इंटरमीजिएटच राहते. तिची क्षमता घटली, पण तिची श्रेणी बदलली नाही, आणि श्रेणीच्या भाषेत बोलायचे तर येथे फिनोकन्व्हर्जन झाले असे म्हणता येत नाही. कार्यक्षम जनुकाच्या जादा प्रती असलेल्या, म्हणजे गुणांक ३ असलेल्या अल्ट्रारॅपिड व्यक्तीला हेच औषध दिले तर गुणांक १.५ होतो आणि ती चक्क ‘नॉर्मल’ दिसू लागते. मग ते औषध बंद केल्यावर तिची मूळ तीव्र क्षमता परत येते, हे लक्षात ठेवणारे फार थोडे. आणि *४/*४ असलेल्या व्यक्तीत रोखण्यासारखे काही नसतेच, त्यामुळे रोधकामुळे तिचे सीवायपी२डी६ च्या बाबतीत फिनोकन्व्हर्जन होऊ शकत नाही. गुणण्याची ही रीत सीवायपी२डी६ साठी रुळलेली आहे. ती इतर विकरांना जशीच्या तशी लावू नये.

यावरून वापराचा पहिला नियम निघतो : विकराचे नाव घेतल्याशिवाय हा शब्द लिहू नये. ‘रुग्णाचे फिनोकन्व्हर्जन झाले’ हे वाक्य अर्धवट आहे, कारण तोच रुग्ण सीवायपी२डी६ साठी पुअर झालेला असताना सीवायपी३ए४ या दुसऱ्या विकरासाठी जसाच्या तसा असू शकतो. विकर, मूळ श्रेणी, बदललेली श्रेणी आणि कारण हे चारही घटक वाक्यात यायला हवेत. उदाहरणार्थ : ‘जीनोटाइपनुसार सीवायपी२डी६ ची नॉर्मल मेटाबोलायझर असलेली ही व्यक्ती पॅरोक्सेटिनमुळे सध्या पुअर मेटाबोलायझर म्हणून गणावी.’ यातला ‘सध्या’ हा शब्द शोभेसाठी नाही. फिनोकन्व्हर्जन हे तात्पुरते असते, पण किती काळ टिकेल हे रोधकाच्या स्वभावावर ठरते. क्विनिडिन विकराला केवळ अडवून धरते, त्यामुळे ते शरीरातून गेले की अडथळा सुटतो. पॅरोक्सेटिन विकराला कायमचे निकामी करत असल्याने पेशींनी नवे विकर घडवेपर्यंत थांबावे लागते. फ्लुऑक्सेटिनची गोष्ट आणखी लांबते, कारण त्याचा आणि त्यापासून बनणाऱ्या नॉरफ्लुऑक्सेटिनचा अर्धायुकाल (रक्तातील पातळी निम्मी होण्यास लागणारा वेळ) दिवसांत मोजावा लागतो. शेवटची गोळी घेतल्यानंतरही कित्येक आठवडे त्याचा प्रभाव उरतो. म्हणूनच आज चालू असलेल्या औषधांची यादी पुरेशी नसते. नुकतीच बंद झालेली औषधेही विचारावी लागतात. अर्थात हे कळल्यावर रुग्णाने आपल्या मनाने एखादी गोळी सोडून देणे धोक्याचे आहे. पॅरोक्सेटिन एकाएकी थांबवल्याने होणारा त्रास वेगळाच असतो.

दुसरा नियम परिणामाच्या दिशेचा आहे. ‘पुअर मेटाबोलायझर झाला, म्हणजे औषध साचून विषबाधा होणार’ असे सरसकट समजले जाते, पण ते अर्धेच खरे आहे. मेटोप्रोलॉलसारखे रक्तदाबावरचे औषध मूळ रूपातच काम करते आणि विकर त्याचा निचरा करते. तेथे विकर रोखले गेले की रक्तातील पातळी वाढते आणि नाडी अपेक्षेपेक्षा मंदावू शकते. कोडीन, टॅमॉक्सिफेन (स्तनाच्या कर्करोगावरचे औषध) किंवा क्लोपिडोग्रेल (रक्ताची गुठळी रोखणारे औषध) यांच्याबाबतीत मात्र विकर औषधाला कार्यक्षम रूप देते, त्यामुळे तेच फिनोकन्व्हर्जन गुण कमी करणारे ठरते. टॅमॉक्सिफेनपासून एंडॉक्सिफेन हे त्याचे कार्यक्षम रूप बनवण्यात सीवायपी२डी६ चा मोठा हात असतो आणि पॅरोक्सेटिनसोबत एंडॉक्सिफेनची पातळी घसरते. क्लोपिडोग्रेलसाठी सीवायपी२सी१९ महत्त्वाचे, आणि त्याला ओमेप्राझोल हे आम्लपित्तावरचे औषध रोखते; या दोन औषधांची जोडी टाळण्याची सूचना अमेरिकी औषध नियामकांनी दिलेली आहे ती याच कारणाने. तेव्हा ‘फिनोकन्व्हर्जन’ लिहिल्यावर पुढच्याच वाक्यात कोणते औषध वाढणार, कोणते रेणू कमी पडणार, हे सांगितल्याशिवाय वाचकाच्या हाती काही लागत नाही.

कारणे केवळ औषधांचीच असतात असेही नाही. शरीरात मोठा दाह किंवा संसर्ग असताना इंटरल्युकिन-६ सारखी द्रव्ये यकृतातील अनेक सीवायपी विकरांची निर्मिती मंदावतात. क्लोझापिन (स्किझोफ्रेनियावरचे औषध; त्याचा निचरा मुख्यतः सीवायपी१ए२ करते) घेणाऱ्या व्यक्तीला तीव्र संसर्ग झाला की औषधाची पातळी चढण्यामागे हेही कारण असते. गरोदरपणात सीवायपी२डी६ ची क्रिया वाढते, तर सीवायपी१ए२ आणि सीवायपी२सी१९ ची घटते. एकाच अवस्थेत दोन विरुद्ध दिशा दिसतात, हे विकराचे नाव घेण्याच्या नियमाचे उत्तम समर्थन आहे. तंबाखूच्या धुरातील बहुचक्रीय हायड्रोकार्बन द्रव्ये सीवायपी१ए२ ला उत्तेजित करतात. धूम्रपान सोडल्यावर ही उत्तेजना ओसरते आणि पूर्वीच्याच मात्रेत क्लोझापिन जास्त होऊ लागते. येथे दोषी निकोटिन नसून धूर आहे, त्यामुळे निकोटिनच्या पट्ट्या लावल्या तरी ही उत्तेजना टिकून राहत नाही. रिफॅम्पिसिन आणि कार्बामाझेपिन हीसुद्धा काही विकरे वाढवणारी औषधे आहेत. सीवायपी२डी६ मात्र अशा उत्तेजनाला जवळजवळ दाद देत नाही, म्हणून त्याच्याबाबतीत औषधामुळे होणारे फिनोकन्व्हर्जन बहुतेक वेळा खालच्या दिशेनेच असते.

या तफावतीची सर्वांत भीषण बाजू १९९३ मध्ये जपानमध्ये दिसली. नागिणीवरचे सोरिव्हुडिन हे नवे औषध आणि फ्लुओरोयुरासिल गटातील कर्करोगविरोधी औषधे एकत्र घेणारे रुग्ण थोड्याच अवधीत दगावले. आतड्यातील जिवाणू सोरिव्हुडिनपासून ब्रोमोव्हिनिलयुरासिल तयार करतात, ते डायहायड्रोपिरिमिडिन डिहायड्रोजिनेज या विकराला कायमचे निकामी करते आणि फ्लुओरोयुरासिलचा निचरा खुंटतो. ज्यांची जनुके धडधाकट होती, त्यांनाही हे विकर जन्मतःच नसल्यासारखा परिणाम भोगावा लागला. या प्रसंगाचे वर्णन बहुधा ‘औषधांची आंतरक्रिया’ असे केले जाते आणि ते योग्यच आहे. फिनोकन्व्हर्जन हा त्याला प्रतिशब्द नाही. जनुकीय भाकीत आणि वस्तुस्थिती यांची तुलना करायची असते तेव्हाच तो वापरावा. दोन औषधांमुळे रक्तदाब अति उतरला, एवढ्यावर हा शब्द लावता येत नाही, कारण तेथे विकराच्या श्रेणीचा प्रश्नच नसतो.

उलट, कधी कधी फिनोकन्व्हर्जन मुद्दाम घडवले जाते. डेक्स्ट्रोमेथॉर्फन हे खोकल्याच्या औषधांत वापरले जाणारे द्रव्य सीवायपी२डी६ मुळे इतक्या झपाट्याने बदलते की मेंदूवर अपेक्षित परिणाम होण्याइतके ते रक्तात टिकत नाही. म्हणून त्याच गोळीत अल्प क्विनिडिन मिसळून बहुतेक रुग्णांना जाणूनबुजून पुअर मेटाबोलायझर केले जाते. अनावर हसू-रडू येण्याच्या विकारासाठी हे मिश्रण अमेरिकेत २०१० मध्ये मंजूर झाले, आणि २०२२ मध्ये नैराश्यासाठी डेक्स्ट्रोमेथॉर्फन व ब्युप्रोपिऑन यांचे मिश्रणही आले. फिनोकन्व्हर्जन म्हणजे नेहमी अपघातच, असा सूर लेखनात येऊ नये तो यासाठी.

तफावत आहे की नाही हे प्रत्यक्ष पाहायचे असेल तर जनुकीय चाचणी पुन्हा करून उपयोग नाही. उत्तर तेच येणार. त्यासाठी विकराची क्रियाच मोजावी लागते. थोडे डेक्स्ट्रोमेथॉर्फन देऊन लघवीत ते आणि त्यापासून बनलेले डेक्स्ट्रॉर्फन यांचे गुणोत्तर पाहणे ही त्याची जुनी पद्धत आहे. किंबहुना जनुक वाचता येण्यापूर्वी या क्षेत्राची सुरुवातच अशा मोजणीने झाली : १९७० च्या दशकात लंडनमध्ये संशोधक रॉबर्ट स्मिथ यांनी प्रयोगासाठी स्वतः डेब्रिसोक्विन हे रक्तदाब उतरवणारे औषध घेतले, आणि इतरांना सहज पचलेल्या मात्रेने त्यांचा रक्तदाब मात्र कोसळला. ते पुअर मेटाबोलायझर निघाले. त्यांची गोष्ट मात्र फिनोकन्व्हर्जनचे उदाहरण म्हणून देऊ नये, कारण तेथे फिनोटाइप जीनोटाइपशी पूर्ण सुसंगत होता.

शेवटी एक सावधगिरी. चेताविज्ञानात हाच शब्द अगदी वेगळ्या अर्थाने येतो. झोपेत स्वप्नाबरहुकूम हातपाय झाडण्याचा विकार असलेल्या व्यक्तीत पुढे पार्किन्सनचा आजार किंवा ल्युई बॉडी डिमेन्शिया प्रकट झाला, किंवा रोगकारक जनुक बाळगणाऱ्या निरोगी व्यक्तीत लक्षणे सुरू झाली, तर त्या संक्रमणालाही फिनोकन्व्हर्जन म्हणतात. तेथे विकराचा, औषधाच्या मात्रेचा किंवा पूर्वस्थितीवर येण्याचा संबंध नसतो. मजकुरात सीवायपी विकरे आणि मेटाबोलायझर श्रेणी यांचा उल्लेख असेल तर औषधशास्त्रीय अर्थ घ्यावा. आजाराची पूर्वावस्था आणि वर्षांचा पाठपुरावा यांचा उल्लेख असेल तर चेताविज्ञानातील अर्थ घ्यावा. स्वतः लिहिताना मात्र वाचकाला हा तर्क करायला लावू नये. ‘औषध-चयापचयातील फिनोकन्व्हर्जन’ असे एकदा पूर्ण लिहिले की पुढचा मजकूर निर्धास्तपणे वाचता येतो.