वाळूच्या कारवाईत गाडी जप्त झाली, तर सोडवायची कशी?

महाराष्ट्रात वाळूच्या कारवाईत गाडी अडकली की आधी एक गोष्ट पक्की करा: गाडी महसूलने धरली आहे, पोलिसांनी, की दोघांनीही? ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात महसूलच्या कारवाईत उभा आणि सुटकेचा अर्ज न्यायदंडाधिकाऱ्यांकडे, या चुकीत कित्येक आठवडे वाया जातात.

त्याच दिवशी पंचनाम्याची प्रत मागा. जागा, गट क्रमांक, वेळ, गाडी भरलेली होती की रिकामी, वाहतूक पास होता का, आणि वाळू किती ब्रास, हे सगळे तपासा. 1 ब्रास म्हणजे 100 घनफूट. ट्रॉली 10 फूट लांब, 6 फूट रुंद आणि वाळूचा थर 2 फूट असेल, तर 120 घनफूट, म्हणजे 1.2 ब्रास होते. पंचनाम्यात 2 ब्रास लिहिले असेल तर मोजमाप व फोटोसह लेखी हरकत लगेच द्या. पास असेल तर त्यावरची वेळ, मार्ग आणि गाडी क्रमांक पाहा. मुदत संपलेला पास उपयोगी पडत नाही.

महसूलची कारवाई महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 48 खाली होते. इथे दोन दंड वेगवेगळे आहेत आणि सर्वाधिक गल्लत तिथेच होते. पोटकलम 7 खालचा दंड वाळूवर असतो. तो बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत असू शकतो. पाचपट ही कमाल मर्यादा आहे. पोटकलम 8 खालचा दंड वाहनावर असतो. 2018 च्या नियमांत ट्रॅक्टर-ट्रॉलीला 1 लाख आणि डंपर किंवा फुल बॉडी ट्रकला 2 लाख रुपये ठरवलेले आहेत. गाडी जप्तीनंतर 48 तासांत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्यापेक्षा कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यापुढे सादर झाली पाहिजे. प्रत्यक्षात हे अधिकारी बहुतेकदा प्रांत, म्हणजे उपविभागीय अधिकारी असतात. वाहनावरच्या दंडाचा आदेश एकट्या तहसीलदारांच्या सहीने निघाला असेल, तर अपिलात हा मुद्दा सर्वांत वर ठेवा.

सुटकेचा अर्ज त्याच अधिकाऱ्याकडे करायचा. सोबत आरसी (गाडीचे नोंदणी प्रमाणपत्र), विमा, आधार, पासची प्रत आणि जातमुचलका, म्हणजे स्वतःचे लेखी हमीपत्र लागते. मुचलक्याची रक्कम वाहनाच्या बाजारमूल्यापेक्षा जास्त असू शकत नाही, आणि पुन्हा बेकायदा उपशासाठी गाडी वापरणार नाही, अशी हमी त्यात द्यावी लागते. गाडी विकत घेतली पण आरसी जुन्या मालकाच्या नावावर राहिली, तर अर्ज इथेच अडतो. वाळू खरोखर विनापास असेल तर दंड भरून मुचलका देणे हाच सर्वांत जलद मार्ग. दंडाला हरकत असेल तर पैसे भरताना 'हक्क राखून भरत आहे' असे अर्जात लिहा आणि पावती जपा.

आदेश मान्य नसेल तर कलम 247 खाली अपील करा. तहसीलदारांच्या आदेशावर प्रांतांकडे, प्रांतांच्या आदेशावर जिल्हाधिकाऱ्यांकडे आणि जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावर विभागीय आयुक्तांकडे. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशावर मुदत 60 दिवस, इतर आदेशांवर 90. प्रमाणित नकलेसाठी लागलेले दिवस यातून वगळतात, म्हणून नकलेचा अर्ज आदेशाच्या दिवशीच टाका. नुसते अपील दाखल केल्याने वसुली थांबत नाही. कलम 256 खाली स्थगितीचा वेगळा अर्ज द्या. नोटीस किंवा सुनावणीच झाली नसेल, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात रिट याचिकेचा मार्ग आहे.

पोलिसांनी भारतीय न्याय संहितेच्या कलम 303 खाली चोरीचा गुन्हा नोंदवला असेल तर गाडीचा ताबा न्यायालय ठरवते. त्यासाठी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 किंवा 503 खाली अर्ज करावा. वाहने पोलीस ठाण्यात दीर्घकाळ पडून राहू नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात 2002 साली सांगितले. अर्जात त्याचा आधार घ्या. न्यायालय सुपुर्तनामा (गाडी ताब्यात घेताना द्यायचे हमीपत्र), फोटो आणि गाडी न विकण्याची हमी मागते. महसूल व पोलीस दोघांचीही कारवाई असेल तर दोन्हीकडचे आदेश लागतात, म्हणून दोन्ही अर्ज एकाच आठवड्यात करा.

आवारातून गाडी परस्पर काढून नेऊ नका, त्याने नवा गुन्हा ओढवतो. ताबा घेताना बॅटरी, टायर, स्टेपनी आणि डिझेलची स्थिती पावतीवर लिहून सही घ्या, कारण गाडी फाटकाबाहेर आल्यावर भाग आवारातच गहाळ झाला, हे सिद्ध करणे फार अवघड जाते.