पुण्यात जागा घेण्याआधी आरक्षण कसे तपासावे

दोन-चार गुंठे घेताना लोक सातबारा डोळ्यांत तेल घालून वाचतात आणि आरक्षणाबाबत, म्हणजे ती जागा सार्वजनिक कामासाठी राखून ठेवली आहे का याबाबत, मात्र विकणाऱ्याच्या शब्दावर विसंबतात. सातबाऱ्यावर मालकी, बोजा, कूळ दिसते. विकास आराखड्यातला रस्ता, बाग किंवा शाळा त्यावर सहसा दिसत नाही. त्यासाठी झोन दाखला, म्हणजे आराखड्यात ती जागा कशासाठी दाखवली आहे हे सांगणारा दाखला, लागतो.

अर्जाआधी त्या जागेचे नियोजन कोणाकडे आहे ते विचारा. हद्द कोणाची आणि नियोजन कोणाचे, हे पुण्यात दोन वेगळे प्रश्न आहेत. महापालिकेच्या जुन्या हद्दीचा आराखडा जानेवारी 2017 मध्ये मंजूर झाला. 2021 मध्ये 23 गावे महापालिकेत आली, पण त्यांच्या नियोजनाचे अधिकार शासनाने पीएमआरडीएला (पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरण) दिले. म्हणून गावाचे नाव सांगून आधी दोन्हीकडे खात्री करा.

अर्जाला अलीकडचा सातबारा (पेठांमध्ये मिळकत पत्रिका) आणि मोजणीचा नकाशा जोडा. दाखल्याबरोबर भाग नकाशाही (आराखड्याच्या नकाशातला त्या जागेपुरता भाग) मागा, कारण नुसत्या दाखल्यावर थांबणे फार महागात पडते. ‘अंशतः निवासी, अंशतः 18 मीटर रस्ता, अंशतः उद्यान’ अशी नोंद अनेकदा अख्ख्या सर्वे नंबरची असते. आपला हिस्सा त्यातल्या कुठल्या अंशात पडतो, ते दाखल्यावरून कळत नाही.

ते कळते दोन नकाशे एकमेकांवर ठेवल्यावर. हिस्स्याच्या मोजणीची ‘क’ प्रत भूमी अभिलेख कार्यालयातून घ्या आणि आर्किटेक्टकडून ती भाग नकाशाच्या प्रमाणात आणून जुळवून घ्या. जुळवताना नाला, जुना रस्ता, सर्वे नंबरची हद्द अशा किमान तीन पक्क्या खुणा धरा. एकाच कोपऱ्यावरून जुळवले तर नकाशा फिरतो. मोबाइलवर आलेल्या किंवा झेरॉक्स केलेल्या नकाशावर पट्टी लावून माप घेऊ नका. प्रत काढताना प्रमाण बदललेले असते. आरक्षणाची रेघ हद्दीच्या अगदी जवळून जात असेल तर कागदावर निर्णय घेऊच नका, जागेवर आखणी करून मागा.

फरक किती पडतो, तो हिशेब करून पाहा. समजा 2 गुंठे, म्हणजे सुमारे 202 चौरस मीटर जागा आहे आणि रस्त्याकडची बाजू 15 मीटर. रुंदीकरणात 3 मीटरची पट्टी गेली तर 45 चौरस मीटर, म्हणजे जवळजवळ अर्धा गुंठा गेला. मोबदल्यात टीडीआर (दुसरीकडे वापरता येणारा बांधकाम हक्क) किंवा एफएसआय (त्याच जागेवर जास्तीचे बांधकाम) मिळू शकतो, पण सामासिक अंतरे, म्हणजे इमारतीभोवती मोकळी ठेवायची जागा, सोडल्यावर उरलेल्या तुकड्यावर तो वापरायला अनेकदा जागाच उरत नाही, आणि लहान प्लॉटचे खरे नुकसान इथेच होते.

आराखड्यात नसलेला रस्ताही जागेवर येऊ शकतो. महापालिका अधिनियमाच्या कलम 210 खाली रस्त्याची नियमित रेषा, म्हणजे रस्त्याची कडा कुठवर येणार ती रेषा, वेगळी ठरवता येते. 2020 मध्ये पुण्यातले शेकडो 6 मीटरचे रस्ते 9 मीटर करण्याचा प्रस्ताव याच मार्गाने आला होता. तेव्हा ‘210 खाली रेषा आहे का’ आणि ‘एमआरटीपीच्या (महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम) कलम 37 खाली आराखड्यात फेरबदल चालू आहे का’, हे दोन प्रश्न अर्जात स्वतंत्र लिहा.

मुठा, मुळा किंवा पवनेजवळची जागा असेल तर पूररेषांचा नकाशा पाहा. नदीकडून निळ्या रेषेपर्यंत बांधकामाला निषिद्ध क्षेत्र. निळ्या आणि लाल रेषेमधल्या पट्ट्यात बांधकामावर निर्बंध. जुलै 2024 मध्ये सिंहगड रस्त्यावरच्या एकतानगरीत पाणी शिरले होते, हे लक्षात ठेवून सोसायटीतला फ्लॅट घेतानाही ही तपासणी करा. टेकडीच्या उतारावर जैवविविधता उद्यानाचे, म्हणजे बीडीपीचे आरक्षण आहे का ते बघा. तिथे ‘गुंठेवारीत (परवानगीशिवाय पाडलेले तुकडे नियमित करण्याच्या कायद्यात) नियमित होईल’ या आश्वासनावर एक रुपयाही देऊ नका.

आणखी एक वाक्य हमखास कानावर येते: ‘दहा वर्षे झाली, आरक्षण आपोआप उठले.’ तसे होत नाही. एमआरटीपीच्या कलम 127 नुसार 10 वर्षांनंतर मालकाने खरेदीची नोटीस द्यावी लागते. त्यानंतर 24 महिन्यांत जागा संपादित झाली नाही किंवा संपादनाची कार्यवाही सुरू झाली नाही, तर आरक्षण व्यपगत होते, म्हणजे संपते, आणि तसा आदेश राजपत्रात येतो. विकणाऱ्याकडे नोटिशीची पोच आणि राजपत्राची प्रत मागा. दोन्ही नसतील तर ती जागा आरक्षितच समजा आणि विसार देऊ नका.