एम ४८.०६ नंतरचा आकडा

आमचं काम मेडिकल कोडिंगचं: पेशंटचा चार्ट, म्हणजे डॉक्टरांची नोंद, वाचून विम्याच्या क्लेमसाठी आजाराचा कोड लावायचा. स्टेनोसिसचा, म्हणजे कण्यातली नळी अरुंद झाल्याचा, चार्ट आला की नवी मुलं सर्चमध्ये 'स्पायनल स्टेनोसिस' टाकतात आणि पहिला दिसेल तो कोड उचलतात. पहिला असतो एम ४८.००, म्हणजे जागा न सांगितलेला. डॉक्टरांनी जागा लिहिलेली असताना हा लावणं म्हणजे पाकिटावर नुसतं 'सोलापूर' लिहून पोस्टात टाकणं.

मी जुळे सोलापुरात घरून रात्रीची ड्यूटी करते. चार्ट अमेरिकेतल्या मणक्याच्या दवाखान्यांचे, त्यामुळे कोडही तिकडचे, आयसीडी-१०-सीएम या आजारांच्या यादीतले. आपल्याकडच्या हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागातून आलेल्यांनी इथे जपून राहावं. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० मध्ये मणक्याच्या जागेसाठी ० म्हणजे 'अनेक ठिकाणी'. अमेरिकन यादीत त्याच ० चा अर्थ 'जागा माहीत नाही'. तिकडे दोन ठिकाणी आजार असेल तर दोन कोड लावायचे.

म्हणून आधी जागा बघा. मान एम ४८.०२, पाठ ०४, कंबर ०६, कंबर आणि त्रिकास्थी (माकडहाडाच्या वरचं हाड) यांचा सांधा ०७. सांध्यावरच चुका होतात. एल४-एल५ म्हणजे कंबरेचे चौथा-पाचवा मणका, ती कंबरच; पण एल५-एस१, म्हणजे कंबरेचा पाचवा मणका आणि त्रिकास्थी, हा लंबोसॅक्रल, त्याला ०७. डॉक्टरांनी दोन्ही पातळ्यांवर स्टेनोसिस लिहिलं असेल तर एकात दुसरं कोंबू नका.

आता कंबरेचं, कारण रोजच्या चार्टात तेच जास्त. १ ऑक्टोबर २०१७ पासून एम ४८.०६ एवढाच कोड चालत नाही, पुढे एक आकडा लागतो. एम ४८.०६१ म्हणजे न्यूरोजेनिक क्लॉडिकेशन (नसा दबल्यामुळे चालताना पाय दुखणं) नाही, ०६२ म्हणजे आहे. जुन्या टेम्प्लेटमधून पाच अक्षरी कोड आपोआप आला आणि तसाच गेला, तर क्लेम परत आलाच म्हणून समजा.

हे क्लॉडिकेशन काय ते मला पुस्तकातून नाही, बाबांकडून कळलं. बाबा पूर्व भागात तीस वर्षं मागावर उभे राहिले. हल्ली अशोक चौकापर्यंत चालत गेले तरी दोनदा टेकतात. पोटऱ्या भरून येतात, पाय बधिर होतात, कट्ट्यावर बसून जरा पुढे वाकले की मोकळे. पण सायकल हातात धरून निघाले की तेवढंच अंतर न थांबता जातात. "सायकल धरली की बरं वाटतंय बघ," म्हणतात. आम्हाला वाटायचं, सवय. खरं म्हणजे हँडलवर ओणवं झालं की कण्यातली नळी थोडी मोकळी होते, नसांवरचा दाब कमी होतो. रक्तवाहिनीच्या आजारातही चालताना पोटरी दुखते, पण तिथे नुसतं उभं राहिलं तरी आराम पडतो, वाकावं लागत नाही. त्याचे कोडही वेगळे.

इथेच मी घसरले. एका चार्टात लिहिलं होतं, 'चालल्यावर दोन्ही पाय दुखतात, बसल्यावर थांबतात, एमआरआयमध्ये लंबर स्टेनोसिस.' डोळ्यांसमोर बाबाच. बिनधास्त ०६२ लावला. ऑडिटमध्ये चूक धरली, आणि ती बरोबर धरली. 'न्यूरोजेनिक क्लॉडिकेशन' हे निदान डॉक्टरांनी कुठेच लिहिलं नव्हतं. लक्षणांवरून निदान जोडणं कोडरचं काम नाही, घरात तोच पेशंट असला तरी. नुसतं 'लंबर स्टेनोसिस' असेल तर ०६१. शंका असेल तर डॉक्टरांना क्वेरी पाठवा, पण 'क्लॉडिकेशन आहे ना?' असं विचारू नका. नोंदवलेली लक्षणं द्या, त्यांचं कारण विचारा, पर्यायांत 'अन्य' आणि 'सांगता येत नाही' ठेवा. एमआरआयमधल्या मिलिमीटरच्या तक्त्यावरूनही काही ठरवायचं नाही.

बाकीचं थोडक्यात. ओपीडी चार्टात 'स्टेनोसिसची शक्यता' असेल तर स्टेनोसिस कोड करू नका, कंबरदुखी किंवा जे लक्षण लिहिलंय तेच घ्या. निदान पक्कं असेल तर उलट, त्याच कंबरदुखीचा एम ५४.५० वेगळा जोडायची गरज नाही. मानेच्या स्टेनोसिसमुळे मायलोपॅथी (मज्जारज्जूचा आजार) लिहिली असेल तर एम ४८.०२ आधी, मायलोपॅथीचा जी ९९.२ नंतर, हा क्रम उलटला की क्लेम अडकतो. आणि 'फोरामिनल स्टेनोसिस' दिसलं तर थांबा. ती मधली नळी नव्हे, नस बाहेर पडते ते बाजूचं भोक. त्यासाठी एम ४८ मध्ये न रमता इंडेक्समधून एम ९९ कडे जा आणि अडथळा हाडाचा, डिस्कचा की आणखी कशाचा, ते वाचूनच कोड निवडा.

परवा बाबांची फाइल चाळली. इथल्या डॉक्टरांनी निदानाच्या ओळीत तीनच अक्षरं लिहिलीत: एलसीएस, लंबर कॅनाल स्टेनोसिस. सायकलचा उल्लेख नाही, क्लॉडिकेशनचाही नाही. माझ्या टेबलावर आले असते तर बाबांनाही ०६१ च लावला असता.