शनिवार सोडून योसेफोव्ह

प्रागची जुनी ज्यू वस्ती, योसेफोव्ह, बघायची तर शनिवार टाळा. शब्बाथ, म्हणजे ज्यूंचा विश्रांतीचा दिवस असतो, सगळं बंद. आम्ही अलिबागकडचे; आमच्याकडे बेने इस्रायलींना, म्हणजे कोकणातल्या ज्यूंना, ‘शनवार तेली’ म्हणत, कारण शनिवारी त्यांचा घाणा थांबायचा. त्यामुळे हे मला कुणी सांगावं लागलं नाही.

गाइड घ्याच, पण सकाळची पहिली फेरी धरा. पिंकास सिनेगॉगच्या (ज्यू प्रार्थनास्थळाच्या) भिंतींवर नाझींनी मारलेल्या बोहेमिया-मोराव्हियातल्या (आजच्या चेक देशातल्या) सुमारे ७८,००० ज्यूंची नावं हाताने लिहिली आहेत. तिथे गाइडला दोन मिनिटं थांबायला सांगा आणि एकच आडनाव शोधून त्याखालचं अख्खं कुटुंब वाचा. मला तिथून हलवेना. वरच्या मजल्यावर तेरेझीन या नाझी छळछावणीतल्या मुलांची चित्रं आहेत, तीही चुकवू नका.

शेजारच्या दफनभूमीत जागा पुरेना म्हणून मातीचे थर चढवत गेले. म्हणून त्या शिळा अशा वाकड्या, एकमेकींना टेकलेल्या. १६०९ मध्ये वारलेल्या रब्बी (ज्यू धर्मगुरू) लोव यांच्या कबरीवर लोक फुलं नव्हे, खडे ठेवतात. एक खडा ठेवा.

सिनेगॉगमध्ये डोकं झाकायला पुरुषांनी टोपी जवळ ठेवावी. बाहेर पडल्यावर ज्यू टाउन हॉलचं खालचं घड्याळ बघा: आकडे हिब्रू, काटे उलटे फिरतात.